पळाली की पळवली?

तालुक्याच्या गावात एखादी मुलगी घरातून निघून गेली की दोनच शब्द तोंडोतोंडी होतात. घरचे म्हणतात, ‘पळवली’. बाकीचं गाव म्हणतं, ‘पळाली’. ‘पळवली’ म्हटलं की सगळं करणारा तो, आणि ही म्हणजे जणू कुणीतरी दावं सोडून नेलेली गाय. ‘पळाली’ म्हटलं की करणारी ती, आणि मग सगळा दोषही तिच्याच पदरात. ‘तिने लग्न केलं’ असं साधं, सरळ वाक्य मात्र कुणाच्या तोंडी येत नाही. मुलीने लग्न ‘करायचं’ नसतं, तिचं लग्न ‘लावून द्यायचं’ असतं, हे आपल्या भाषेतच किती मुरलेलं आहे पाहा. मुलगी आपण ‘देतो’, सून ‘करून घेतो’, आणि लग्न पार पडलं की ‘सुटलो एकदाचे’ म्हणतो.

अशा वेळी घरचे आधी पोलीस ठाण्यात जातात, ‘मिसिंग’ नोंदवतात. चार-आठ दिवसांत मुलगी सापडली नाही, किंवा सापडूनही घरी यायला तयार झाली नाही, की कुणीतरी वकील सांगतो, ‘हायकोर्टात हेबिअस कॉर्पस टाकू.’ याच्या उलटही घडतं. मुलीने लग्न केलेलं असतं. घरचे ‘आजी फार आजारी आहे, एकदा भेटून जा’ असं गोड बोलून बोलावतात, आणि ती आली की मोबाईल काढून घेऊन खोलीला बाहेरून कडी लावतात. मग तिचा नवरा तीच याचिका घेऊन कोर्टात उभा राहतो. पेपरातल्या अशा बातम्या आपण चवीने वाचतो, त्यावर चर्चाही करतो. पण ही याचिका नेमकी काय असते, ती कुणासाठी असते, आणि तिथे आपल्या मुलीला काय विचारलं जातं, हे आपल्यातल्या किती जणींना ठाऊक असतं? मैत्रिणींनो, आज त्याबद्दल बोलू या. कारण ही वेळ कुणाच्या घरी येईल ते सांगता येत नाही.

‘हेबिअस कॉर्पस’ हे लॅटिन शब्द. अर्थ साधारण असा, की त्या व्यक्तीला सदेह समोर आणा. मराठीत याला ‘बंदी प्रत्यक्षीकरण याचिका’ असं भारदस्त नाव आहे. एखाद्या माणसाला कुणी बेकायदा अडकवून ठेवलं असेल, तर न्यायालय अडकवणाऱ्याला सांगतं, ‘त्याला माझ्यासमोर आण, आणि कोणत्या अधिकाराने ठेवलंस ते सांग.’ उत्तर पटलं नाही तर त्या माणसाला मोकळं केलं जातं. मुळात हे हत्यार सत्तेच्या विरुद्धचं. पोलिसांनी कुणाला उचललं आणि कोर्टापुढे उभंच केलं नाही, तर त्याच्या माणसांनी दाद मागायची ती अशी. आपल्या राज्यघटनेच्या ३२ व्या कलमाने सर्वोच्च न्यायालयाला आणि २२६ व्या कलमाने उच्च न्यायालयांना हा अधिकार दिला. पण अडकवणारा पोलीसच असला पाहिजे असं काही नाही. तो बाप असू शकतो, भाऊ असू शकतो, सासरा, नवरा, एखादा आश्रमवाला, कुणीही असू शकतो. कायद्याच्या लेखी घराची कडी आणि तुरुंगाची कडी यांत अशा वेळी फरक राहत नाही.

आपल्या महाराष्ट्राचा आणि या याचिकेचा संबंध फार जुना आहे. १८२८-२९ सालची गोष्ट. मोरो रघुनाथ नावाच्या १४ वर्षांच्या मुलाला पुण्यात एका वडीलधाऱ्या नातलगाने बेकायदा ठेवून घेतलंय, अशी तक्रार मुंबईच्या तेव्हाच्या सुप्रीम कोर्टापुढे आली. मुलाला हजर करा, असा हुकूम निघाला. पण मुंबईचे गव्हर्नर सर जॉन माल्कम यांनी तो अमलात आणायला साफ नकार दिला. पेशवाई जाऊन दहाच वर्षं झाली होती, पुण्यातल्या मातब्बर घराण्यांना दुखवायचं नाही, असा सरकारचा विचार. न्यायाधीश सर जॉन पीटर ग्रँट इतके संतापले की एप्रिल १८२९ मध्ये त्यांनी न्यायालयाचं कामच बंद केलं. शेवटी लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने सरकारच्या बाजूने कौल दिला, मुंबईच्या कोर्टाचा हात पुण्यातल्या घरापर्यंत पोहोचत नाही असं ठरवलं. जवळजवळ दोनशे वर्षं झाली. आज तो हात गडचिरोलीच्या पाड्यापर्यंत आणि सावंतवाडीच्या वाडीपर्यंत पोहोचतो. ‘आमच्या घरातली बाब आहे, तुम्ही मध्ये पडू नका’ हे मात्र आजही आपण माल्कमसाहेबांच्याच सुरात म्हणत असतो.

आता ही याचिका चालते कशी ते पाहू. जी अडकलेली आहे तिला स्वतःला कोर्टात येता येत नाही, हे उघडच आहे. म्हणून तिच्या वतीने दुसरं कुणीही अर्ज करू शकतं. आई-वडील, नवरा, बहीण, मैत्रीण, कुणीही. उच्च न्यायालय पोलिसांना नोटीस काढतं, अमुक तारखेला तिला हजर करा. पोलीस शोध घेतात, आणतात. त्या दिवशी कोर्टाच्या व्हरांड्यात एका बाजूला माहेरचा गोतावळा, दुसऱ्या बाजूला नवऱ्याची माणसं, मध्ये महिला पोलिसाच्या शेजारी ती. पुष्कळदा न्यायमूर्ती तिला आपल्या दालनात बोलावून घेतात आणि एकटीशी बोलतात. वय किती? शिक्षण किती? लग्न केलंस का? कुणाचा धाक आहे का? आणि शेवटचा प्रश्न, तुला कुठे जायचंय? ती सज्ञान असेल आणि मोकळेपणाने बोलते आहे असं न्यायमूर्तींना पटलं, तर तिला हवं तिथे जाऊ दिलं जातं आणि याचिका निकाली निघते. महिनोन्महिने दोन घरं ज्या प्रश्नावर एकमेकांच्या जिवावर उठलेली असतात, तो तिला विचारायला पाच-दहा मिनिटं पुरतात. ती पाच मिनिटं घरातल्या घरात का मिळत नाहीत, हा खरा प्रश्न आहे.

या याचिकांमध्ये एक शब्द हमखास येतो, ‘ताबा’. ‘मुलीचा ताबा आमच्याकडे द्या.’ शेतजमिनीचा ताबा असतो, घराचा असतो, लहान मुलांच्या बाबतीतही आपण तो शब्द वापरतो. पण अठरा वर्षं पूर्ण झालेली बाई कुणाच्या ताब्यात द्यायची? मतदान ती करू शकते, जमिनीच्या खरेदीखतावर सही करू शकते, ग्रामपंचायतीची सरपंचसुद्धा एकविसाव्या वर्षी होऊ शकते. आणि राहायचं कुठे, हे मात्र दोन पक्षांच्या वकिलांनी ठरवायचं? गंमत म्हणजे या खटल्यात अर्जदार एक असतो, प्रतिवादी दुसरा असतो. जिच्यावरून सगळं चाललंय ती दोन्हींपैकी कुणीच नसते. ती नुसती ‘हजर करायची’ असते. म्हणूनच ही याचिका तिला ‘मिळवण्यासाठी’ नाही, तिच्या सुटकेसाठी आहे, एवढी एक गोष्ट सगळ्यांच्या मनावर ठसायला हवी. बापाने केली तरी तेच, नवऱ्याने केली तरी तेच.

हे विसरलं की काय होतं, ते केरळच्या हादियाच्या प्रकरणात सगळ्या देशाने पाहिलं. होमिओपॅथीचं शिक्षण घेणारी ही मुलगी. तिने धर्म बदलला. वडिलांनी जानेवारी २०१६ मध्ये केरळ उच्च न्यायालयात याचिका केली, मुलीने स्वखुशीने राहत असल्याचं सांगितलं आणि न्यायालयाने विषय संपवला. त्याच वर्षी वडिलांनी पुन्हा याचिका केली. ती चालू असताना डिसेंबर २०१६ मध्ये हादियाने लग्न केलं. मे २०१७ मध्ये उच्च न्यायालयाने ते लग्नच रद्दबातल ठरवलं आणि तिला आई-वडिलांच्या हवाली केलं. तेव्हा ती २४ वर्षांची होती. या वयाची मुलगी दुबळी असते, तिला कुणीही फसवू शकतं, आणि लग्नासारखा निर्णय आई-वडिलांच्या सहभागानेच व्हायला हवा, असा त्या निकालाचा सूर होता. पुढचे काही महिने ती पोलीस पहाऱ्यात आई-वडिलांच्या घरी राहिली. नोव्हेंबर २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिला समोर बोलावून काय हवंय ते विचारलं. तिने उत्तर दिलं, मला माझं स्वातंत्र्य हवंय. न्यायालयाने तिला आधी शिक्षण पूर्ण करण्यासाठी तामिळनाडूतल्या सेलमच्या कॉलेजात पाठवलं आणि ८ मार्च २०१८ रोजी, म्हणजे नेमक्या महिलादिनी, उच्च न्यायालयाचा निकाल फिरवला. हेबिअस कॉर्पसच्या याचिकेत सज्ञान बाईचं लग्न रद्द करता येत नाही, जोडीदार निवडणं हा तिचा हक्क आहे, असं स्पष्ट केलं. कुठे काही गुन्हा झाल्याचा संशय असेल तर त्याचा तपास वेगळा चालेल, तिच्या लग्नाला त्याचा धक्का लागणार नाही, हेही सांगितलं.

तिचा नवरा कसा होता, धर्म बदलणं तिला शोभलं की नाही, यावर तेव्हा घराघरांत वाद झाले. त्या वादात आपलं मत काहीही असो. पण चोवीस वर्षांच्या, शिकलेल्या बाईचं ‘मला हे हवंय’ हे वाक्य कोर्टाला पुरेसं न वाटणं, हे प्रत्येक बाईने घाबरावं असं होतं. आज एकीच्या धर्मावरून तसं झालं, उद्या दुसरीच्या जातीवरून होईल, तिसरीच्या नोकरीवरून होईल.

याच सुमाराला आणखी दोन निकाल आले, ते कमी गाजले. एकात मुलगी एकोणीस वर्षांची, पण नवऱ्याला एकवीस पूर्ण नव्हती. केरळ उच्च न्यायालयाने लग्न ग्राह्य नाही म्हणून मुलीला वडिलांकडे पाठवलं. एप्रिल २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, लग्नाचं वय हा वेगळा मुद्दा आहे, दोघंही सज्ञान आहेत, ती कुणाबरोबर राहायचं ते स्वतः ठरवेल. दुसरं प्रकरण जानेवारी २०१८ चं. त्यात लग्नाचा विषयच नव्हता. आई-वडिलांचं आपसात पटत नव्हतं आणि अठरा पूर्ण केलेली मुलगी कुवेतला वडिलांकडे राहून शिकायचं म्हणत होती. आईने कोर्टात धाव घेतली. मुलगी सज्ञान आहे, आम्ही तिचे पालक होऊन बसणार नाही, असं म्हणून सर्वोच्च न्यायालयाने मुलीचा शब्द मानला. ते आईला किती लागलं असेल, हे मला कळतं. पण नियम एकच आहे. मुलगी प्रियकराकडे जाते म्हणाली तर आपण चिडायचं आणि माहेरी जाते म्हणाली तर टाळ्या वाजवायच्या, असं चालत नाही.

त्याआधी २००६ मध्ये लता सिंग खटल्याचा निकाल आला होता. उत्तर प्रदेशातल्या या बाईने भावांचं घर सोडून दुसऱ्या जातीच्या मुलाशी लग्न केलं. भावांनी ‘पळवून नेलं’ म्हणून तक्रार केली, नवऱ्याच्या नातेवाइकांना तुरुंगात जावं लागलं. भाऊ तिला वेडी ठरवू पाहत होते, डॉक्टरांनी तपासून ती पूर्ण शहाणी असल्याचं सांगितलं. सर्वोच्च न्यायालयाने तो सगळा फौजदारी बडगा रद्द केला. मुलीने आपल्या मर्जीने केलेलं लग्न पटत नसेल तर आई-वडिलांनी फार तर संबंध तोडावेत. धमक्या देण्याचा, मारहाणीचा अधिकार त्यांना नाही, असं बजावलं. आपल्याकडे अशा मुलीला ‘आम्हाला ती मेली’ म्हणून अंघोळ करणारी घरं आहेत. आणि नुसत्या अंघोळीवर न थांबता खरंच जीव घेणारीही आहेत. अशा बातम्या आपल्याच जिल्ह्यांतून आलेल्या आहेत, त्या काही परमुलखातल्या नाहीत.

आता इथपर्यंत वाचून काही जणी म्हणतील, ‘ताई, हे सगळं खरं, पण आमची पोर सोळा-सतराची आहे. फूस लावून नेली तर?’ प्रश्न रास्त आहे, आणि कायदाही इथे वेगळा आहे. अठराच्या आत मुलीची संमती कायदा संमती मानत नाही. तिला नेणाऱ्यावर अपहरणाचा गुन्हा होतो, शरीरसंबंध आला असेल तर २०१२ चा पॉक्सो कायदा लागतो. २००६ च्या बालविवाह प्रतिबंध कायद्यानुसार, लहान वयात लग्न झालेल्या मुलीला ते लग्न रद्द करून मागता येतं, सज्ञान झाल्यावर दोन वर्षांपर्यंत. अशी मुलगी कोर्टापुढे आली आणि घरी जायला घाबरत असली, तर तिला बालकल्याण समितीकडे पाठवता येतं. म्हणून वयाचा पुरावा फार महत्त्वाचा. कायदा आधी शाळेचा दाखला किंवा दहावीचं प्रमाणपत्र पाहतो, ते नसेल तर जन्मदाखला, आणि काहीच नसेल तर वैद्यकीय तपासणी. काही घरं सज्ञान मुलीचं वय कमी दाखवायला बघतात, तर काही ठिकाणी पंधरा वर्षांच्या मुलीचा खोटा दाखला काढून तिला बोहल्यावर चढवलं जातं. दोन्ही फसवणूकच. आपल्या मुलीचे खरे कागद तिच्या हाताशी असू द्या. त्यांच्या झेरॉक्स तिच्या स्वतःच्या पिशवीत असणं, हे दागिन्यांपेक्षा जास्त कामाचं आहे.

आई-बापांची भीती मी खोटी म्हणणार नाही. लग्नाचं आमिष दाखवून मुली परराज्यात विकल्या जातात. आधी लग्न झालेला माणूस कुमार म्हणून मिरवतो. अशा वेळी हीच याचिका आई-वडिलांच्या कामाची आहे. पोलीस ‘येईल चार दिवसांनी, तुमचीच पोर गेली आपल्या पायांनी’ म्हणून हाकलत असतील, तर उच्च न्यायालयाच्या नोटिशीने ते जागे होतात. मुलगी जिवंत आहे का, सुखरूप आहे का, हे विचारण्याचा आई-बापांना पूर्ण हक्क आहे. लग्न करून दिलेल्या लेकीला सासरच्यांनी कोंडून ठेवलं असेल, फोनवर बोलू देत नसतील, तरीही हेच दार ठोठावता येतं. ती समोर आली आणि ‘मी ठीक आहे, मला इथेच राहायचंय’ म्हणाली, की मात्र हक्क तिथे संपतो. तिथून पुढे उरतं ते नातं. आणि नातं कोर्टाच्या हुकमाने जोडून मिळत नाही. बायको माहेरी निघून गेली म्हणून याचिका करणाऱ्या नवऱ्यालाही हेच लागू. ती स्वतःच्या मर्जीने माहेरी राहिली असेल, तर कोर्ट तिला हाताला धरून सासरी आणून सोडत नाही.

मग प्रश्न राहतो, ती बोलते ते खरंच तिचं असतं का? कोर्टात येण्याआधी आठ दिवस तिला माहेरी ठेवलेलं असतं. आई पाया पडलेली असते, ‘तुझ्या बापाला काही झालं तर तू जबाबदार’ असं ऐकवलेलं असतं, धाकट्या बहिणीचं लग्न जमणार नाही ही भीती घातलेली असते. किंवा ती नवऱ्याच्या घरी असते आणि ‘कोर्टात काय बोलायचंय ते लक्षात ठेव’ असं तिथे बजावलेलं असतं. धाक दोन्हीकडून असतो. मार्च २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याबाबत सगळ्या न्यायालयांसाठी मार्गदर्शक सूचना घालून दिल्या. प्रकरण केरळमधल्याच दोन मुलींचं. एका मुलीने अर्ज केला, की माझ्या जोडीदार मैत्रिणीला तिच्या आई-वडिलांनी अडकवलंय. न्यायालयाने एका न्यायिक अधिकाऱ्यामार्फत त्या मैत्रिणीशी स्वतंत्रपणे बोलून घेतलं. ती म्हणाली, मी स्वखुशीने आई-वडिलांकडे आहे. न्यायालयाने तिचाही शब्द मानला आणि अर्ज निकाली काढला. पण पुढच्या सगळ्या मुलींसाठी काही नियम सांगून ठेवले. अशा याचिका आधी ऐका, तारखांवर तारखा देऊ नका. मुलीशी एकांतात, सुरक्षित जागी बोला. जिच्यावर किंवा ज्याच्यावर अडकवल्याचा आरोप आहे, ते माणूस तेव्हा तिथे नको. आई-बाप म्हणजे तिचं भलंच करणार असं आधीच धरून चालू नका. तिला घरी जायचं नसेल तर ताबडतोब मोकळं करा. आणि समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवायला बघू नका.

हा शेवटचा मुद्दा फार महत्त्वाचा. आपल्याकडे ‘समजावणं’ हा मोठा सोज्वळ शब्द आहे. पोलीस ठाण्यात ताईसाहेब समजावतात, भावकी समजावते, कधी कधी महिला मंडळंही समजावतात. समजावून झाल्यावर मुलगी रडत रडत घरी जाते आणि महिन्याभरात तिसऱ्याच कुणाशी तिचं लग्न उरकलं जातं. ‘पोरीला पश्चात्ताप झाला’ असं सगळे म्हणतात. तिला कुणी विचारलेलं नसतं.

दुसरा सोज्वळ शब्द ‘सुधारगृह’. ना माहेर, ना नवरा, म्हणून सज्ञान मुलीला महिला वसतिगृहात ठेवायचं आणि ‘विचार कर’ म्हणायचं. सत्तरच्या दशकात दिल्लीच्या नारी निकेतनात ठेवलेल्या एका विवाहितेच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं होतं, अठरा पूर्ण झालेल्या स्त्रीने कुठे राहायचं यावर बंधन घालता येत नाही. तरी ही पद्धत संपलेली नाही. डिसेंबर २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयापुढे एकोणीस वर्षांची मुलगी आली. जोडीदार वीस वर्षांचा, दुसऱ्या धर्माचा, लग्नाला अजून वय कमी म्हणून दोघांना नुसतं एकत्र राहायचं होतं. तिला चेंबूरच्या शासकीय महिलागृहात ठेवलेलं होतं. न्यायालयाने तिच्याशी बोलून, तिचं भवितव्य काय ते तिला समजावून सांगून, तिची इच्छा कायम आहे म्हटल्यावर तिला जाऊ दिलं. हा निर्णय शहाणपणाचा की नाही, ते तिचं आयुष्य ठरवेल. पण चुकायचा अधिकार आपण मुलग्यांना केव्हापासून देत आलोय, जरा आठवून पाहा.

‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ म्हणतात. तेव्हा आधी जवळचे उपाय. कुणाला घरात कोंडलं आहे हे ठाऊक असेल तर पोलिसांचा ११२ आणि महिला हेल्पलाइनचा १८१ हे क्रमांक आहेत. पोलीस ऐकत नसतील तर उपविभागीय दंडाधिकारी, म्हणजे आपले प्रांतसाहेब, किंवा प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी यांच्याकडे अर्ज करता येतो. बेकायदा कोंडलेल्या व्यक्तीचा शोध घेऊन तिला हजर करण्याचं वॉरंट ते काढू शकतात. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ९७ व्या कलमात ही तरतूद होती, १ जुलै २०२४ पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या १०० व्या कलमात आहे. हायकोर्टात जायचंच झालं तर मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोव्यात खंडपीठं आहेतच. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरलाही सर्किट बेंच सुरू झालं आहे. सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गच्या बायकांना आता त्यासाठी मुंबई गाठायला नको. वकिलाला पैसे नाहीत म्हणून थांबू नका. १९८७ च्या कायद्याने प्रत्येक स्त्रीला, तिची मिळकत कितीही असो, मोफत वकील मिळतो. तालुका विधी सेवा समितीत जा किंवा १५१०० वर फोन करा. आंतरजातीय, आंतरधर्मीय जोडप्यांच्या संरक्षणासाठी प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष आणि सुरक्षित निवारा असावा, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितलं होतं. डिसेंबर २०२४ मध्ये राज्याच्या गृहविभागानेही तसं परिपत्रक काढलं. आपल्या जिल्ह्यात तो कक्ष कागदावर आहे की खरोखर दार उघडं ठेवून बसलाय, हे विचारण्याचं काम महिला मंडळांनी हाती घ्यायला हरकत नाही. हळदीकुंकवाच्या एका कार्यक्रमात कक्षाच्या अधिकाऱ्यांना बोलवा, तिथेच विचारा.

शेवटी एक बोलायचं राहतं, आणि ते आपल्या आपल्यात. मुलीच्या खोलीला कडी बहुतेक वेळा बाप लावायला सांगतो. पण तिच्यावर दिवसभर पहारा कोण देतं? तिचा फोन कुणाच्या उशाखाली असतो? तिला संडासला जाताना सोबत कोण जातं? आई, काकू, आजी, वहिनी. आपणच. आपल्यालाही कधी कुणी विचारलं नव्हतं, म्हणून तिला विचारायचं सुचत नाही, किंवा सुचलं तरी धीर होत नाही. पुरुषांपुढे आपलं काय चालणार, असं म्हणून आपण कडीच्या बाहेर बसून राहतो.

कोर्टाने मुलीला मोकळं केलं म्हणजे तिच्या लग्नाला चांगलेपणाचा दाखला दिला असं नाही. लग्न फसू शकतं. जमवून केलेलीही फसतात, हे आपल्याइतकं कुणाला माहीत? सहा महिन्यांनी तो मारायला लागला, दारू प्यायला लागला, तर तिने जायचं कुठे? संमती एकदाच द्यायची आणि मग जन्मभर निभवायची, असं नसतं; ‘हो’ म्हणणारीला पुढे ‘नाही’ म्हणायचीही सोय लागते. जिला माहेरचं दार बंद झालं, तिला ती सोय राहत नाही. मारणाऱ्या नवऱ्यालाही ते नेमकं ठाऊक असतं. मुलीने मनाविरुद्ध लग्न केलं म्हणून आपण दार लावतो, तेव्हा आपण तिला शिक्षा देतोय असं वाटतं. प्रत्यक्षात आपण त्या माणसाच्या हातात तिला एकटी सोडत असतो. तेव्हा रागवा, भांडा, लग्नाला जाऊ नका, वर्षभर बोलू नका. पण ‘केव्हाही ये’ एवढे दोन शब्द तिच्यापर्यंत पोहोचतील असं बघा, निरोपाने, मैत्रिणीकडून, कसंही.

आणि ज्यांच्या घरी अजून असं काही घडलेलं नाही, त्यांनी वाट कशाला बघायची? स्थळ बघायला सुरुवात करण्याआधी, पाहुणे यायच्या आधी, कांदेपोह्यांचा बेत ठरवण्याआधी, मुलीला एकटीला जवळ बसवा. वडील समोर नकोत, भाऊ नको. हायकोर्टाचे न्यायमूर्ती विचारतात तो प्रश्न तुम्ही विचारा. तुला काय हवंय? आणि ती जे सांगेल ते, आवडलं नाही तरी, पूर्ण ऐकून घ्या.